पहाडाचा श्वास, बादलीभर

"विझला! विझला!" गुहेच्या पायऱ्यांवर उभ्या असलेल्या गर्दीत एकच गलका झाला. तळाशी ठेवलेला दिवा आपोआप विझला होता. वारा नव्हता, कोणी फुंकर मारली नव्हती. आणि त्याच गुहेत फुंकरबाबांच्या हातातला दिवा मात्र छातीशी ऐटीत जळत होता.

"बघितलंत?" बाबा उंच दगडी आसनावरून गरजले. "पहाड श्वास घेतो! पाप्याचा दिवा गिळतो, पुण्यवानाचा राखतो! अहो, परदेशातले शास्त्रज्ञ मशीन घेऊन आले होते. काय झालं? मशीनच बेशुद्ध पडलं!"

मशीन बेशुद्ध कसं पडतं, हे विचारायची कोणाची छाती झाली नाही. शाळेत विज्ञान शिकवणाऱ्या बाई मागे उभ्या राहून नुसत्या दातओठ खात होत्या.

तो मुलूखच तऱ्हेवाईक. झऱ्यांचं पाणी बर्फासारखं गार, तरी चुलीवर ठेवल्यासारखं बुडबुडणारं. दगड इतके हलके की ओढ्यावर तरंगत जायचे. डोंगराच्या पोटातून अधूनमधून गुरगुर ऐकू यायची. आणि माणसंही तशीच. खोलगट जागी घर बांधायचं नाही, जमिनीला पाठ लावायची नाही, बाळाचा पाळणा उंच आढ्यालाच टांगायचा. का? तर विचारायचं नाही! पणजोबा तसं करायचे म्हणून आपण करायचं. कारण केव्हाच विसरलं गेलं, नुसती सवय उरली. अशाच ठिकाणी एखादा भोंदू येतो आणि आपलं दुकान थाटतो.

फुंकरबाबांचं दुकान तर झकास चाललं होतं. रोग्याला गुहेच्या तळाशी आडवं करायचं. थोड्याच वेळात त्याची शुद्ध हरपायची. "समाधी लागली!" मग चेले त्याला उचलून उघड्यावर आणायचे, तो डोळे उघडायचा. "रोग ओढून घेतला पहाडानं!" नंतर त्याचं डोकं ठणकायचं, पण ते म्हणे पहाडाचा हात फिरल्याचा पुरावा. मध्यंतरी शिंप्याचा कुत्रा मालकामागोमाग आत शिरला आणि त्याच्या पायाशीच तडफडून मेला. "गेल्या जन्मीचा पापी होता," बाबांनी निकाल दिला. शिंपी बिचारा ढसाढसा रडला आणि वर बाबांच्याच पाया पडला.

आज पाळी चिमीची होती. चिमी म्हणजे बाईंच्या थोरल्या बहिणीची लेक, जेमतेम चार वर्षांची. तिला फिट यायच्या. डॉक्टरांच्या गोळ्यांनी त्या थांबल्या होत्या. पण औषध आणि पहाड एकत्र चालत नाहीत, असं बाबांनी बजावलं आणि ताईनं गोळ्या बंद केल्या. फिट परत सुरू झाल्या. बाबा म्हणाले, रोग बाहेर पडतोय!

"ताई, हात जोडते, घरी चल," बाई तिच्या कानाशी लागल्या.

"तू मध्ये पडू नकोस."

"गोळ्यांनी वर्षभर एकही फिट आली नव्हती गं."

"मग काय जन्मभर गोळ्याच चारू तिला?" ताईचा आवाज चिरकला. "लोक तिला लांब धरतात, बघवत नाही मला! माझी पोर बरी हवीय मला. कायमची."

बाईंना रडू आलं आणि संतापही. ताईचा नव्हे, त्या आसनावरच्या माणसाचा. आईच्या काळजावर हा पोट भरत होता.

तेवढ्यात हातवारे करता करता बाबांच्या हातातली माळ खाली पडली. बाबा वाकले नाहीत. त्यांनी नुसती भुवई उडवली. एका चेल्यानं गाल टम्म फुगवले, झटकन वाकून माळ उचलली आणि वर येऊन फुस्सकन श्वास सोडला. बाईंच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. दिवा तळाशी विझतो. कुत्रा पायाशी मेला. चेला वाकताना दम कोंडतो. आणि बाबा कधी वाकतच नाहीत!

दुसरा चेला चिमीला घ्यायला पुढे आला, तशा बाई गर्दीतून मुसंडी मारून आडव्या आल्या.

"थांबा! बाबा, पोरीच्या आधी तुम्ही झोपून दाखवा तळाशी. पुण्यवान आहात, पहाड तुमचं काय वाकडं करणार?"

"आमचं... आमचं आज आडवं न होण्याचं व्रत आहे!"

गर्दीत कोणीतरी फिस्सकन हसलं. मग शिंपी म्हणाला, "झोपा की बाबा. माझा कुत्रा झोपला."

बाईंनी समोरच्या चहावाल्याची दोराची बादली मागून घेतली. वरच्या पायरीवरून ती आत सोडली, तळाशी फिरवली, हळूच वर ओढली आणि भर उन्हात सगळ्यांसमोर ठेवली. एका खोल पातेल्यात दिवा लावला.

"ताई, बादलीत काय दिसतंय?"

"काही नाही. रिकामी आहे."

"ओत पातेल्यात. हळूच."

ताईनं वेड्यासारखं बघत ते 'काही नाही' पातेल्यात ओतलं. दिवा मिणमिणला आणि विझला.

शिंप्यानं पुन्हा बादली सोडली, पुन्हा दिवा लावला. पुन्हा विझला.

"सोड्याच्या बाटलीत बुडबुडतो ना, तो वायू हा," बाई म्हणाल्या. "आपल्या झऱ्यांतून निघतो. दिसत नाही, हवेपेक्षा जड, म्हणून पाण्यासारखा तळाशी साचतो. त्यात दिवा जळत नाही आणि जीव जगत नाही. उभ्या माणसाचं डोकं त्याच्या वर राहतं. आडव्या माणसाचं नाही! पणजोबांनी पाळणे उंच टांगले ते उगाच नाही. हे ज्याला ठाऊक होतं, त्यानंच तुम्हाला आडवं केलं."

ताई शिंप्याकडे वळली. "दादा, केवढा होता हो तुमचा कुत्रा?"

शिंप्यानं कमरेच्या जरा खाली हात धरला. चिमी शेजारीच उभी होती. हात तिच्या डोक्याला टेकला. ताईनं लेकीला उचललं आणि इतकं घट्ट धरलं की पोर कळवळली.

फुंकरबाबा तोवर मागच्या वाटेनं पसार व्हायला निघाले होते, पण शिंपी आणि चहावाल्यानं त्यांची गचांडी धरली. इकडे एक आजोबा बाईंना हळूच म्हणाले, "पोरी, उरलेली बादली माझ्या गुडघ्यावर ओतशील का?"

बाईंनी कपाळावर हात मारला. "आजोबा, गुडघा डॉक्टरांना दाखवा! आणि अहो, सगळ्यांनीच ऐका. चमत्कार करणाऱ्याला आधी विचारायचं, का होतं हे? उत्तर देण्याऐवजी जो तुमचं पाप मोजायला लागेल, त्याच्या हाती आपलं लेकरू देऊ नका. एवढंच मागणं आहे."

घरी जाताना ताई वाटेतच थांबली. "गोळ्या आहेत तुझ्याकडे?"

बाईंनी पिशवीतून पुडी काढली. ताईनं गोळ्या बंद केल्या त्या दिवसापासून बाई ती पुडी जवळ बाळगून होत्या.

"परत गोळी?" चिमीनं तोंड वाकडं केलं. "का पण?"

ताईच्या ओठांवर ते जुनं 'विचारायचं नाही' आलंच होतं. तिनं ते गिळलं, रस्त्याकडेच्या कट्ट्यावर लेकीला उंच बसवलं आणि म्हणाली, "सांगते, ऐक."