शेजारणीची वाटी

२०१५च्या फेब्रुवारीत गुडघ्याचं ऑपरेशन झाल्यावर कलावती केळुसकर विश्रांतीसाठी मुलाकडे, कौशिककडे, मस्कतला आल्या. तीस वर्षं नाटकांत आणि अकरा चित्रपटांत त्यांनी शेजारीण, नणंद, नर्स अशीच कामं केली होती. लोकांना चेहरा आठवे, नाव नाही.

अल् खुवैरच्या फ्लॅटमध्ये त्यांचा जीव रमेना. कौशिक गाडी घेऊन ऑफिसला गेला की जाणार कुठे? काठी टेकत त्या हॉलमधून स्वयंपाकघरात जात, परत येत, संवाद पुटपुटत.

महिन्याभराने, एका सोमवारी, त्यांच्या चालू नाटकाचा व्यवस्थापक मधू याचा फोन आला. "कलाताई, गुरुवारी सावंतवाडीला प्रयोग आहे. तुमचं काम पूर्वाला दिलंय. पोरगी घाबरलीय. जरा समजावाल?"

"दिलंय म्हणजे कायमचं?"

"पावसाळ्यानंतर बघू."

त्यांनी पूर्वाला फोनवर तासभर सगळं समजावलं. भांडण चाललेल्या घरात शेजारीण साखर मागायला येते, "मी काही ऐकलं नाही हं!" म्हणते आणि जाते. पदर कसा, वाटी कशी धरायची, सगळं सांगितलं. एकच सांगितलं नाही. चिपळूणच्या एका प्रयोगात त्या खरोखरच साखर घ्यायची विसरल्या होत्या. दारातून परत फिरल्या, चूपचाप वाटी भरली आणि निघाल्या. हशाने नाट्यगृह कोसळलं होतं. संहितेत नसलेली ती जागा तेव्हापासून त्यांची होती.

दोन दिवस त्यांना चैन पडेना. चहा निवून जाई. आमटीतल्या मिठावरून त्या कौशिकवर उखडल्या.

"आई, गुडघा दुखतोय का?"

"गुडघा नाही रे." त्यांनी सगळं सांगून टाकलं.

"मग नको सांगूस तिला. तुझं आहे ते."

"माझंच आहे. पण इथे कुणाला करून दाखवू, फ्रिजला?"

गुरुवारी मस्कतला पाच वाजले होते, तिकडे साडेसहा. त्यांनी फोन लावला तेव्हा पूर्वा मेकअपला बसली होती.

"अगं, एक राहिलं." त्यांनी ती जागा सांगितली. "दाराशी पोचलीस की मनात तीन मोज. मग वळ. घाई केलीस तर मेलीस."

"ताई, हे आधी का नाही सांगितलंत?"

"द्यायचं नव्हतं म्हणून."

पूर्वा हलकेच म्हणाली, "नमस्कार करते, ताई."

शुक्रवारी सकाळी मधूचा मेसेज आला : 'हशा आला. तुमच्याएवढा नाही.' दुसरं वाक्य खरं की मन राखायला लिहिलेलं, ते त्यांना कळेना.

सुट्टी होती. कौशिक त्यांना गाडीतून समुद्राकाठी घेऊन गेला. पहिल्या बाकाशी तो थांबला, पण त्या बसल्या नाहीत.

"एप्रिलचं तिकीट बघ," त्या म्हणाल्या.

"काम तर गेलं ना, आई?"

"गेलं. दुसरं मागायला तिथे असावं लागतं."

आणि काठी पुढे टेकत त्या चालू लागल्या.