कोरडी बॅग

मिनाच्या लग्नाच्या वर्षी, म्हणजे दोन हजार सोळात, मी वाचायला शिकू लागलो. मिना माझी थोरली नात. पत्रिका छापून आल्या होत्या आणि मी ओसरीवर बसून त्यातली एक डोळ्यांसमोर धरली होती. धाकटी नात पुजा शाळेतून आली, दप्तर टाकलं आणि पोट धरून हसायला लागली.

"दादा, उलटी धरली!"

"सुलटी धरली तरी मला काय दिसणार हाये?"

तिनं पत्रिका फिरवली, माझं बोट धरून खालच्या ओळीवर टेकवलं. "ह्ये तुमचं नाव. किसनसिंग. आन् ह्ये आडे."

मी एकतीस वर्षं रस्त्यावर मैलकुली होतो. गोरेगाव ते सेनगाव रस्त्याचे खड्डे बुजवले, मैलाच्या दगडांना चुना लावला, त्यावरची अक्षरं काळ्या रंगानं गिरवली. गोरेगाव हे नाव किती वेळा रंगवलं त्याला मोजमाप नाही, पण मुकादम सांगायचा म्हणून ते गोरेगाव. सरकारी कागदावर माझा अंगठाच होता.

पुजानं दोन हिवाळे मला शिकवलं. मी घाई करायला लागलो की माझ्या बोटावर पट्टी मारायची. "बोट ठेवून वाचा, दादा. कुनी मागं लागलंय काय?" पुढं मला सही आली. माझी बायको रुख्मिणीबाई चुलीपाशी बसून टोमणे मारायची. "म्हातारा आता कलेक्टर व्हनार."

"तुझ्या अंगठ्यापरीस बरा," मी म्हणायचो.

मिनाच्या लग्नाला सात वर्षं झाली तेव्हा, अकरा सप्टेंबरला, सोमवारी, पुजा सकाळच्या जीपनं तालुक्याच्या कॉलेजात गेली. बी.एस्सी.चं दुसरं वर्ष होतं. जीपवाला उत्तमसिंग आमच्याच तांड्यातला. तो म्हणाला, "स्टँडवर उतरली, काका. तिला फोन आलता. बोलत बोलत कॉलेजच्या अंगानं गेली." पण कॉलेजात त्या दिवशी तिची हजेरी लागली नाही. सायंकाळच्या जीपमध्ये ती नव्हती. फोन बंद होता.

मंगळवारी सकाळी मी आणि पुजाचा बाप, माझा मुलगा सुदाम, ठाण्यात गेलो. जमादारानं आधी वय विचारलं.

"एकोनीस? मग गेली असंल कुनासंगं. पोळ्याच्या पुरनपोळीला येती बघा घरी."

"माझी पोरगी तसली न्हाई, साहेब," सुदाम म्हणाला.

"समदे बाप ह्येच म्हनतेत."

हरवल्याची नोंद त्यानं करून घेतली, पण शोधायला कोणी निघालं नाही. आम्ही ठाण्याबाहेर पडलो तेव्हा पावसाची झड लागली. मंगळवार आणि बुधवार ती थांबली नाही. आम्ही पोतं पांघरून पुसेगावपर्यंतच्या विहिरी पाहिल्या, स्टँडवर आणि कॉलेजच्या दारात तिचा फोटो दाखवला. ज्याला दाखवावा तो फोटोवरचं पाणी पुसून बघायचा आणि मान हलवायचा.

गुरुवारी पोळा होता. पाऊस उघडला होता. तांड्यातला भीमसिंग सकाळी बैल धुवायला पाझर तलावावर गेला. एक बैल पाण्यात उतरेना. भीमसिंगनं त्याला चाबूक मारला, मग पाण्याकडे पाहिलं आणि बैल तिथंच सोडून पळत आला. आमच्या दारात त्याला बोलता येईना. नुसता तलावाकडे हात करत राहिला.

पुजाला बाहेर काढलं तेव्हाचं मी लिहीत नाही.

तिची बॅग तलावाच्या पाळूवर, म्हणजे बांधावर, एका मोठ्या दगडावर ठेवलेली होती. तिथं झाड नाही, आडोसा नाही. मी बॅगेत हात घातला. वह्या कोरड्या होत्या. एक उघडून पाहिली. निळ्या शाईचं तिचं अक्षर होतं तसं होतं, एकही ओळ फुटलेली नव्हती. पाळूवर घोट्याएवढा चिखल होता आणि बॅगेच्या बुडाला चिखलाचा ठिपका नव्हता. फोन बॅगेत नव्हता, तो पुढंही सापडला नाही.

पंचनाम्याला आलेल्या जमादाराचा मी हात धरला. "साहेब, दोन दिस झड व्हती. बॅग कोरडी काहून? कुनीतरी आज आनून ठुली."

"लिहू, बाबा. समदं लिहू."

सुदाम तिला घेऊन दवाखान्यात गेला, त्यामुळे जबाब द्यायला मी राहिलो. दुपारी ठाण्यात गेलो. बाहेर गावात बैलांच्या गळ्यातल्या घुंगरमाळा वाजत होत्या, बेगड लावलेली शिंगं खिडकीतून दिसत होती. पोळा फुटायच्या आत जमादाराला वेशीवर बंदोबस्ताला जायचं होतं. तो सारखा घड्याळ बघत होता.

आधी भीमसिंगचा जबाब झाला. भीमसिंगला अक्षर येत नाही. जमादारानं पूर्ण जबाब त्याला मोठ्यानं वाचून दाखवला.

"डाव्या कडंला न्हाई, साहेब," भीमसिंग मधेच म्हणाला. "उजव्या कडंला दिसली व्हती. सांडव्याच्या अंगानं."

जमादारानं तोंडातल्या तोंडात शिवी दिली, पण खोडून उजवी केली. मग भीमसिंगनं अंगठा लावला.

माझं बोलणं त्यानं लिहून घेतलं. मी सगळं सांगितलं. फोन आला ते, झड होती ते, बॅगेचं तर दोनदा सांगितलं. दोन पानं भरली. त्यानं ती माझ्याकडे फिरवली आणि शाईचा डबा पुढं सरकवला.

"सही येती मला," मी म्हणालो.

"अरे वा! मग काय, घ्या वाचून आन् करा."

पेन माझ्या हातात आलं. मी पहिल्या ओळीवर बोट ठेवलं. घाईचं अक्षर होतं, एकात एक गुंतलेलं. 'जबाब' हा शब्द लागला, पुढचा लागेना. दारात दोन शिपाई उभे होते. जमादारानं टोपी घातली. एक शिपाई दुसऱ्याला म्हणाला, "बाबाचं वाचून व्हईस्तोवर दिवाळी येईन." दुसरा हसला.

मला लाज वाटली. नात शवागारात पडलेली होती आणि मला लाज वाटली ती बोट ठेवून वाचायची. मी बोट उचललं. पानावरून नुसती नजर फिरवली, वाचणारी माणसं फिरवतात तशी. मान हलवली. आणि दोन्ही पानांवर सही केली, किसनसिंग आडे. अक्षर चांगलं आलं. तेही माझ्या तेव्हा ध्यानात आलं, हे कबूल करतो.

सायंकाळी तिला माती दिली. दवाखान्याच्या कागदावर पाण्यात बुडून मरण असं आलं.

चार महिने आम्ही वाट पाहिली. संक्रांत झाल्यावर सुदाम ठाण्यात गेला आणि परत आला तो दारातच उभा राहिला. त्याच्या हातात माझ्या जबाबाची नक्कल होती.

"बा, तुमी काय लिहून देलं?"

"जे झालं ते देलं."

"साहेब म्हनले, पोरीच्या आज्यानंच लिहून देलं, मग आमी कुनाला धरावं?"

मी नक्कल घेतली. ओसरीवर बसलो. बोट ठेवून वाचायला लागलो. कोणी घाई करत नव्हतं. सगळं वाचून व्हायला दीड तास लागला. झड त्यात नव्हती. फोन नव्हता. बॅग होती, 'पाळूवर मिळून आली' एवढीच. शेवटी लिहिलं होतं: 'तिच्या मरणाबाबत माझा कोणावरही संशय नाही व कोणाविरुद्ध तक्रार नाही. जबाब मी स्वतः वाचून पाहिला, तो बरोबर आहे.' त्याखाली माझी सही.

मी ते रुख्मिणीबाईला वाचून दाखवलं. ती ज्वारी निवडत होती. तिनं सूप खाली ठेवलं.

"भीमसिंगला वाचून दाखवलं व्हतं?"

"व्हय."

"काहून?"

"त्याला येत न्हाई म्हनून."

तिनं सूप परत उचललं. तिनं बोलायला हवं होतं. सुदाम त्या दिवसापासून माझ्या ताटाशेजारी बसत नाही. लांब बसून जेवतो.

मग मी अर्ज लिहिला. पुजाच्या घरी राहिलेल्या एका जुन्या वहीचं मागचं कोरं पान घेतलं. आठ दिवस लागले. जीपनं हिंगोलीला गेलो, पोलिसांच्या मोठ्या साहेबांच्या कचेरीत. तिथला कारकून म्हणाला, "बाबा, ये क्या है? टाइप करून आणा."

"टाइपवाला त्याच्या मनचं लिहिन. ह्ये माझ्या हातचं हाये. ह्येच घ्या."

त्यानं घेतलं नाही. मी बाकड्यावर बसलो. दुसऱ्या दिवशीही बसलो. तिसऱ्या दिवशी त्यानं शिक्का मारला. महिन्याभरानं तालुक्याच्या ठाण्यातून निरोप आला, नवा जबाब घ्यायचा आहे.

आता तिथं नवीन मॅडम होत्या. जुना जमादार बदलून गेला होता. मॅडमनी मला खुर्ची दिली, सगळं ऐकलं, हळू लिहिलं. बॅगेचं सांगितलं तेव्हा त्या लिहायच्या थांबल्या.

"वह्या कुठे आहेत?"

"तुमच्याकडंच. पंचनाम्यात घेतल्या व्हत्या."

शिपायानं बॅग शोधून आणली. मालखान्याच्या छताला गळती होती म्हणे. वह्या भिजून एकमेकींना चिकटल्या होत्या आणि निळी शाई सगळीकडे पसरली होती. मॅडमनी वरची वही उघडू पाहिली, पान फाटून हातात आलं.

"उशीर झाला, बाबा," त्या म्हणाल्या. "तेव्हाच्या जबाबात हे असतं तर."

"व्हय."

त्यांनी जबाब माझ्याकडे फिरवला. स्वच्छ, सुटं अक्षर होतं. मी वाचू शकलो असतो.

"सही करा इथं."

"शाईचा डबा द्या, मॅडम. अंगठा लावतो."

"सही येते ना तुम्हाला? मागच्या कागदावर आहे."

"येत व्हती. आता वाचून दाखवा."

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं, मग कागद उचलला. त्यांनी मोठ्यानं वाचलं. फोन आला होता ते वाचलं. दोन दिवस झड होती ते वाचलं. बॅग कोरडी होती. माझा संशय आहे, मारणारा कोण ते मला माहीत नाही, त्याला शोधावं. सगळं मी सांगितलं तसंच होतं. मी अंगठा लावला.

घरी आलो तेव्हा रुख्मिणीबाईनं माझा हात पाहिला. तिनं तांब्याभर पाणी आणि साबण आणून दिला. मी अंगठा धुतला नाही. सुदाम जेवत होता, त्यानंही पाहिलं.

त्याला आता दीड वर्ष होऊन गेलं. कोणालाही धरलेलं नाही.

माझी नात पुजा सुदाम आडे, वय एकोणीस, अकरा सप्टेंबर दोन हजार तेवीसला, सोमवारी, घरातून गेली आणि चौदा सप्टेंबरला, पोळ्याच्या दिवशी, पाझर तलावात मेलेली सापडली.