गार्निए साहेबांचं गाव

गार्निए साहेब चिडले की फ्रेंचमध्ये बोलत आणि खुलले की आपल्या गावाबद्दल. बहरीनच्या सित्रा भागातल्या एका फ्रेंच कंत्राटदार कंपनीत हेलन त्यांची सेक्रेटरी होती. १९७६ साली ती वसईहून बहरीनला आली, तेव्हापासून जेवणाच्या सुट्टीत ती ते गाव ऐकत आली होती.

चारशे वर्षांपूर्वी तिथे नुसतं माळरान होतं. धर्मापायी घरदार सोडून पळालेल्या प्रॉटेस्टंट लोकांसाठी एका सरदाराने गाव वसवलं. सरळ रस्ते, मधोमध चौक, भोवती तट. नियम एकच: छळ सोसून जो वेशीवर येईल, त्याला काही न विचारता घरासाठी जागा द्यायची. विणकर आले, चांभार आले, गाव भरभराटलं. पुढे सरदाराचा वंश संपला आणि गाव राजाच्या हाती गेलं.

"राजा तुमच्या पंथाचा, कॅथलिक," साहेब तिच्याकडे रोखून बघत म्हणाले. "त्याने आमचं प्रार्थनामंदिर पाडलं. घराघरात शिपाई बसवले. धर्म बदला, नाहीतर चालते व्हा. आमच्या शेजाऱ्याने धर्म बदलला आणि आमच्याच घरात राहायला आला. चुलीवरचं भांडंसुद्धा नेऊ दिलं नाही."

"पण साहेब, याला तीनशे वर्षं होऊन गेली."

"हो. गेल्या वर्षी वारसांच्या भांडणात ते घर लिलावात निघालं. मी घेतलं. त्याच घराण्यातली एक म्हातारी तिथे राहत होती. मरेपर्यंत राहू द्या म्हणाली. मी तिला माझ्या गाडीत घातलं आणि वेशीबाहेर सोडून आलो."

"तिने तुमचं काय वाकडं केलं होतं?"

"काहीच नाही," साहेब म्हणाले. "पण त्या रात्रीसारखी गाढ झोप मला कधी लागली नाही."

हेलनला म्हातारीची दया आली नाही, याचं तिचं तिलाच नवल वाटलं. तिला आपला दीर आठवत होता.

नवरा युस्टेस गेला तेव्हा मुलगी पर्ल पाळण्यात होती. चर्चमध्ये महिन्याची मिस्सा झाली, पाहुणे पांगले आणि दीर विल्फ्रेडने हेलनची ट्रंक ओटीवर आणून ठेवली. "दादा गेला, तुझं नातं संपलं," म्हणाला. युस्टेसने स्वतः रचलेल्या भिंतीचं ते घर. माहेरी भावाच्या दारात उभी राहिली तेव्हा ती ट्रंक आणि पोरीला गुंडाळलेली चादर सोडली, तर तिच्याकडे काही नव्हतं.

तोच विल्फ्रेड १९८४ मध्ये बहरीनमध्ये हूरा वस्तीतल्या तिच्या फ्लॅटच्या दारात आला. एजंटने फसवलं होतं, ड्रायव्हरची नोकरी मिळालीच नव्हती. वाळवंटात कुठल्याशा कॅम्पवर तो दिवस काढत होता.

"वैनी, तुझ्या कंपनीत ड्रायव्हर घेतायत म्हणे. तू साहेबाकडे एक शब्द टाक. नाहीतर कॅम्पवाले मला परत धाडतील. कुठल्या तोंडाने जाऊ?"

हेलनने त्याला आत घेतलं, जेवायला वाढलं. त्याला पोटभर जेवू दिलं.

"साहेबांशी बोलेन," मग ती म्हणाली. "आधी घर पर्लच्या नावावर कर."

तो खूप वेळ भांडला, दादाची शपथ घालून रडलासुद्धा. शेवटी वकिलातीत जाऊन त्याने हेलनच्या भावाच्या नावे मुखत्यारपत्र करून दिलं. भावाने वसईत दस्त नोंदवला आणि ट्रंककॉल करून कळवलं.

दुसऱ्या दिवशी हेलन विल्फ्रेडचा नोकरीचा अर्ज घेऊन साहेबांच्या केबिनमध्ये गेली.

"हा विल्फ्रेड माझा दीर. यानेच मला तान्ह्या पोरीसकट घराबाहेर काढलं. याला घेऊ नका."

गार्निए हसले नाहीत. "घर परत मिळालं?"

"मिळालं."

त्यांनी अर्ज तिच्यासमोरच केराच्या टोपलीत टाकला.

मायदेशी परत जाण्याच्या दिवशी विल्फ्रेड ऑफिसच्या फाटकाशी येऊन थांबला. घामाने शर्ट अंगाला चिकटला होता. "वैनी, तू शब्द दिला होतास!"

"बोलेन म्हणाले होते. बोलले. खलास."

मे महिन्यात हेलन पर्लला घेऊन सुट्टीवर वसईला गेली. विल्फ्रेड बायकोच्या माहेरी राहायला गेला होता. त्याची बायको अँजेलिना कोंबड्या न्यायला ओटीच्या पायरीशी आली. वर चढायचं धाडस तिला झालं नाही. "बाय, पोरांसाठी पाळल्यात. तेवढ्या तरी दे."

"कोंबड्या घराच्या आहेत," हेलन म्हणाली.

अँजेलिना मान खाली घालून वाडीतून निघून गेली. हेलन तिच्याकडे अगदी केळीआड होईपर्यंत बघत राहिली. मनात काहीतरी हलेल असं तिला वाटलं होतं. हलल्यासारखं झालंही, पण ते वाढायच्या आत तिने सगळ्या खिडक्यांच्या कड्या लावल्या.

पर्ल मराठी समजायची, पण बोलायची इंग्रजीच. "ममी, आपण तर बहरीनला परत जाणार. मग इथे राहणार कोण?" तिने विचारलं.

"कोणी नाही," हेलन कुलूप ओढून बघत म्हणाली. "रिकामं राहील."