साळूबाईची सळी

"कुणी दिले चटके?"

दुपट्याचं टोक हातात धरूनच मोहिनीने विचारलं. आवाज चढवला नाही. उपकेंद्रावरच्या अकरा वर्षांत तिला एवढं कळलं होतं, की हळू विचारलेल्या प्रश्नाला माणसं जास्त घाबरतात.

खाटेवर दीड दिवसाची मुलगी पडली होती. कुल्ल्यावर रुपयाएवढा काळाजांभळा डाग, बेंबीच्या बाजूला दुसरा, डाव्या टाचेवर तिसरा, कडेने लालभडक. मुलीची आई कला, वीस वर्षांची, भिंतीला पाठ लावून अंग चोरून बसलेली. तिची सासू साळूबाई चुलीपुढून उठली आणि पदराला हात पुसत खाटेजवळ आली. परवा रात्री अवचित कळा आल्या, गाडी यायच्या आत बाळ आलं, ते साळूबाईच्याच हातांवर. वस्तीतली जुनी सुईण ती.

"कोनीच नाय दिले, पोरी. आपोआप उठले. रातच्याला लाल व्हते, सकाळी पाह्यलं तं काळे."

"आपोआप?"

"आइक तं. पयल्या लेकरालाबी..."

"पहिल्याचं राहू द्या, साळूबाई. आधी हिला गाडीत घालू द्या."

एरवी मोहिनी तिला 'आजी' म्हणायची, एकेरीत, आणि साळूबाई तिला 'पोरी'. त्या सकाळी ती साळूबाई झाली आणि 'तुम्ही' झाली. साळूबाईने ते ऐकलं आणि उघडलेलं तोंड मिटून घेतलं.

मोहिनीला तसं वाटायला कारण होतं. हरसूलच्या त्या डोंगरपट्ट्यात तान्ह्याचं पोट फुगलं, की तापल्या लोखंडाने पोटावर डाग द्यायची रीत. मोहिनी नवी नर्स म्हणून आली तेव्हा हे काम साळूबाईकडेच होतं. मोहिनीने तिला कायद्याचा धाक घातला नाही. दोन वर्षं ती तिच्या चुलीपाशी जाऊन बसली, नागलीची भाकरी खाल्ली, दर वेळी त्याच चार गोष्टी नव्याने सांगितल्या. मग एका बाजाराच्या दिवशी साळूबाई आपणहून उपकेंद्रात आली, कमरेची चिंधी सोडली आणि वीतभर लांबीची बारीक सळी टेबलावर ठेवली. "घे. आता माझ्या हातून नाय व्हनार," एवढंच म्हणाली आणि मिठाची पुडी घ्यायला बाजारात निघून गेली.

ती सळी मोहिनीने कपाटाच्या खणात जपून ठेवली. प्रत्येक सभेत ती काढून दाखवायची, साळूबाईची गोष्ट सांगायची. साहेब लोक सळीचा फोटो काढून न्यायचे. मोहिनीच्या नोकरीत अभिमान वाटावा असं फार काही नव्हतं. ही एक सळी होती.

म्हणूनच त्या सकाळी तिला रागापेक्षा फसवलं गेल्याचं वाईट वाटलं. सळी आपल्याच कपाटात आहे हे तिला आठवलं, नाही असं नाही. पण घरात विळा असतोच की, उलथनं असतं.

रुग्णवाहिकेचा चालक सोमनाथने गाडी दारापर्यंत आणली. कला मागे चढली, तिचा नवरा चंदर पुढे बसला. साळूबाईने पिशवीत दोन फडकी कोंबली आणि गाडीच्या पायरीवर पाय ठेवला.

"तुम्ही नका येऊ," मोहिनी म्हणाली. "केलंत तेवढं पुरे झालं."

साळूबाईने पाय खाली घेतला. पिशवी मात्र कलेच्या मांडीवर ठेवली.

गाडीतच मोहिनीने चिठ्ठी लिहिली. तिचं अक्षर सुरेख. 'तापलेल्या वस्तूने चटके दिल्याने भाजलेल्या जखमा.' खाली रेघही ओढली. त्र्यंबकेश्वर मागे पडल्यावर बाळाने मूठ बाहेर काढली तेव्हा मनगटावर लालसर चट्टा दिसला. घरी तो नव्हता. की होता? त्या अंधाऱ्या खोलीत आपल्याच नजरेतून सुटला असेल, असं म्हणून तिने मूठ परत दुपट्यात घातली. स्वतःच्या लेकीच्या मुठी ती अशाच झाकायची. ते सगळं तिला नंतर फार आठवत राहिलं: चट्टा, आणि भाजल्या कातडीचा वास त्या घरात कुठेच नव्हता, ते.

नाशिकच्या मोठ्या दवाखान्यात चिठ्ठी वाचली गेली आणि चिठ्ठीप्रमाणे सगळं झालं. जखमांना मलम लागलं, पोलिसांना निरोप गेला. दुसऱ्या दिवशी साळूबाईला चौकीत बोलावलं. दुपारपर्यंत ती बाहेरच्या बाकावर बसून होती. नेमका बाजाराचा दिवस. येणाऱ्याजाणाऱ्या प्रत्येकाने पाहिलं, आणि जिच्या हातांवर वस्तीतली निम्मी पोरं जन्मली, तिच्याकडे बघून बाया पदर तोंडाला लावून पुढे गेल्या.

त्याच दुपारी मोहिनीला फोन आला. बाळांच्या वॉर्डातली डॉक्टर, वेदिका नावाची, आवाजावरून तरुण वाटणारी.

"सिस्टर, हे भाजणं नाहीये. कालपासून चार नवे डाग उठलेत, आमच्या डोळ्यांदेखत."

रक्त गोठायला लागलं की त्याला आवरणारं एक द्रव्य अंगात असतं, तिने सांगितलं. या मुलीच्या रक्तात ते नाहीच म्हटलं तरी चालेल. कातडीखालच्या, कधी डोळ्यांतल्याही बारीक नसांत गुठळ्या होतात, रक्त पोचत नाही, कातडी काळी पडून मरते. लाखांत एखाद्याला होणारा आजार. रक्तातलं ते द्रव्य बाहेरून देत राहिलं तरच मूल जगतं. आता सुरू केलंय.

"आईला विचारलं तेव्हा उलगडा झाला. पहिला मुलगाही असेच डाग उठून चौथ्या दिवशी गेला म्हणे. आणि नवराबायको आतेमामेभावंडं. हे तुम्हाला घरच्यांनी सांगितलं नव्हतं?"

पहिलं मूल दोन वर्षांपूर्वी घरचे सगळे द्राक्षांच्या कामाला गेले असताना तिकडेच झालं आणि तिकडेच गेलं होतं. मोहिनीच्या नोंदवहीत फक्त 'दगावले' एवढाच शब्द होता. ते मूल मांडीवर घेऊन बसली होती ती साळूबाई; ते डाग तिने डोळ्यांनी पाहिले होते.

"सांगत होत्या," मोहिनी म्हणाली. "मी ऐकलं नाही."

मग तिनेच विचारलं,

"डॉक्टर, काल आल्या आल्या कळलं असतं तर?"

"आजार तोच राहिला असता, सिस्टर. पण पायाची बोटं कदाचित वाचली असती."

मोहिनी तशीच चौकीत गेली. चूक माझी, असं लिहून दिलं, सही केली. हवालदाराने कागद फाइलला लावला, पण आधीचा काढता येत नाही म्हणाला. बाकावर साळूबाई नव्हती. थोड्या वेळापूर्वीच तिला घरी सोडलं होतं. पुढच्या महिला सभेत मोहिनीने सळी खणातून काढली नाही. जे झालं ते जसंच्या तसं सांगितलं. बायांनी मान हलवली. वस्तीतली धोंडाबाई मागून म्हणाली, "आता सांगून काय, सिस्टर? म्हतारी आता कोनाच्या बाळंतपनाला येत नाय."

मुलगी दीड महिन्याने घरी आली. डाव्या पायाची पाचही बोटं गेली होती आणि उजव्या डोळ्यात उजेड नव्हता. पण दूध ओढायची, आणि दार वाजलं की मान वळवायची. दिवसातून दोनदा, बारा बारा तासांनी, मांडीत रक्त पातळ ठेवणारं इंजेक्शन द्यायचं होतं. कलेचा हात बसेपर्यंत मोहिनी सकाळ-संध्याकाळ चढ चढून जाऊ लागली. पाय धरायला साळूबाई बसायची. हात कसे घट्ट आणि तरी हलके ठेवायचे, ते तिला कुणी शिकवावं लागलं नाही. दोघींत कामापुरतंच बोलणं. सुई टोचली जाई तिथे मांडीवर निळसर ठिपका उमटायचा.

एकदा ते ठिपके बोटाने मोजल्यासारखे करत साळूबाई म्हणाली, "डाग द्यायचं काम आता तुझ्याकडं आलं म्हनायचं."

कला दचकली. मोहिनी कापसाचा बोळा मांडीवर दाबून धरत राहिली.

त्या संध्याकाळी तिने येताना चिंधीत गुंडाळलेली सळी आणली होती. पिशवीतून काढून साळूबाईपुढे ठेवली.

"आजी, ही तुझी. मी लोकांना दाखवत फिरले. तुझ्या शब्दावर मात्र विश्वास ठेवला नाही. तू तो पाळला होतास."

साळूबाईने चिंधी उलगडली नाही. दोन बोटांनी ती परत मोहिनीकडे सरकवली.

"तुझ्याच कपाटात राहू दे. माझ्या घरात दिसली तं पुढच्या खेपेला काय म्हनशील?"

बोलण्यात राग नव्हता. राग असता तर मोहिनीला बरं वाटलं असतं.

मग साळूबाई उठली आणि कोनाड्यातून काहीतरी घेऊन आली. जुन्या लुगड्याचे शिवलेले दोन इवलेसे मोजे, वर बांधायला नाडी. डाव्याच्या पुढच्या भागात तिने सावरीचा कापूस भरला होता, आतून टाके घालून.

"दोन्ही सारखे दिसाया पायजेत," ती म्हणाली. "बारशाला मानसं येतील."

उजवा मोजा कलेने चढवला. डावा मोहिनीने घेतला. पाय आत सरकवला, चुणी सारखी केली. बोटांच्या जागी तिचा अंगठा कापसावर टेकला आणि तो मऊपणा दबत दबत पार खाली गेला, तिथे काहीच लागलं नाही. अंगठा तिला चटकन काढता येईना. मुलगी पाय झाडत होती, दोन्ही सारखेच.

साळूबाई चुलीकडे वळली होती. पाठमोरीच म्हणाली, "नाडी लय घट्ट नको बांधू, सिस्टर."