अर्धा निळा

डोळ्यावरची पट्टी निघाली आणि दादा घरभर नाचत सुटले. वय सदुसष्ट, दोन्ही गुडघे कुरकुरणारे. डॉक्टरांनी वाकू नका, जड उचलू नका असं दहादा बजावलं होतं, पण नाचू नका असं काही ते म्हणाले नव्हते.

"अगं, या भिंतीला पांढरा रंग कधी दिलास?"

"नऊ वर्षं झाली," बायको म्हणाली.

"आणि मी ती पिवळी समजत होतो!"

"तरीच आल्यागेल्याला सांगायचात, हिनं घराची कावीळ करून टाकली म्हणून!"

मोतीबिंदू दोन्ही डोळ्यांत होता, पण ऑपरेशन फक्त उजव्याचं झालं होतं. डाव्याचं, हातातल्या सिनेमाचं शूटिंग संपल्यावर व्हायचं होतं. त्यामुळे दादांना एक नवाच खेळ सापडला. डावा डोळा झाकायचा, उजव्यानं बघायचं. मग उजवा झाकायचा, डाव्यानं बघायचं. उजव्यानं चादर पांढरीशुभ्र, डाव्यानं तीच चादर चहा सांडल्यासारखी. टॉवेल झाले, मीठ झालं, मग बायकोची पाळी आली.

"अगं, तुझे केस किती पांढरे झालेत!"

"तुमच्याच कृपेनं."

"पण काय सुरेख पांढरे आहेत गं! नुसते बघत बसावेत!"

बायको लाजली, आणि लाजलेलं दिसू नये म्हणून औषधाचे थेंब आणायला आत पळाली.

आता हे दादा म्हणजे साधासुधा माणूस नव्हे बरं का. सिनेमाचे कॅमेरामन, आणि तेही नावाजलेले. मात्र नाव झालं ते गेल्या दहा वर्षांत. त्याआधी तीस वर्षं त्यांनी झाडांभोवती पळणारे नायक आणि जिन्यावरून गडगडणारे खलनायक इमानेइतबारे टिपले, तेव्हा कुणी त्यांना ढुंकून विचारलं नव्हतं. मग अचानक त्यांच्या चित्रांत एक निळा आला. मंद, थंड, काळजात कालवाकालव करणारा. समीक्षकांनी त्यावर लेख पाडले, बक्षिसं आली, परदेशी लोक येऊन विचारू लागले की हे दुःख तुम्ही आणता कुठून? दादा गंभीर चेहरा करून म्हणायचे, "आतून येतं." खरं तर लोक कुठल्या निळ्याबद्दल बोलतात हे त्यांना कधीच कळलं नव्हतं. पण बक्षीस देणाऱ्याशी वाद कोण घालतो?

त्या दुपारी नव्या डोळ्याचं कौतुक म्हणून त्यांनी आपलाच गाजलेला सिनेमा टीव्हीवर लावला, आणि पाचव्या मिनिटाला बोंब ठोकली.

"अगं, टीव्ही बिघडला! सगळे निळे दिसतायत!"

बायकोनं येऊन पाहिलं. "पहिल्यापासून तसाच आहे की हा सिनेमा. यालाच तर बक्षीस मिळालं तुम्हाला."

दादांनी उजवा डोळा झाकला. चित्र एकदम ठीक. डावा झाकला. निळं! आणि मग त्यांच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. मोतीबिंदूमुळे त्यांना सगळं जग पिवळट दिसत होतं. सेटवरचा तो पिवळेपणा मारायला ते दिव्यांवर निळे जिलेटीनचे कागद लावायला सांगायचे. कागद लागले की त्यांना हवं तसं पांढरं दिसायचं, आणि उरलेल्या जगाला दिसायचं निळं. म्हणजे ज्या दुःखावर लेख आले, ते दुःख नव्हतंच मुळी. डोळ्याचा आजार होता तो!

आधी दादा हसून हसून खुर्चीतून घसरले. मग हसू आटलं. सोमवारी सेटवर जायचं होतं. अर्धा सिनेमा त्याच निळ्यात झाला होता, अर्धा व्हायचा होता. आणि दिग्दर्शिका कोण? तर जिनं त्यांच्या निळ्यावर दोनशे बारा पानांचा प्रबंध लिहिला होता, आणि केवळ त्या निळ्यासाठी त्यांना घेतलं होतं, ती.

"तिला सरळ सांगून टाका," बायको म्हणाली.

"काय सांगू? की बाई, तुझा प्रबंध माझ्या मोतीबिंदूवर आहे? उद्यापासून मला कोण काम देईल? चाळीस वर्षांच्या कामावर पाणी पडेल गं!" दादांना खरंच भीती वाटली. कॅमेऱ्याशिवाय त्यांना दुसरं काहीही येत नव्हतं. साधी खिचडीसुद्धा नाही.

शेवटी त्यांनी युक्ती काढली. जुना, पिवळा डावा डोळा अजून होता ना? त्यानंच बघायचं! एकदा सिनेमा संपला की कुणाला काय कळतंय?

सोमवारी सेटवर दादा हजर. खिडकीजवळ रिकामा पाळणा, त्याच्याशेजारी नायिका, असा प्रसंग होता. दादांनी कॅमेऱ्याच्या व्ह्यूफाइंडरला डावा डोळा लावला. जन्मभर उजव्यानं बघितलेला माणूस तो. नाक मधे आलं, चष्मा कपाळावर चढला, आणि मान अशी काही वळली की मेकअपवाली पाणी घेऊन धावली.

"दादा, डावा डोळा?" दिग्दर्शिकेनं विचारलं.

"डॉक्टरांनी सांगितलंय. व्यायाम," दादांनी ठोकून दिलं. मग नेहमीच्या तोऱ्यात ओरडले, "मामा! पिवळं पडतंय रे. खिडकीच्या दिव्यावर आणखी एक निळा!"

मामा म्हणजे त्यांचा लाइटमन. वीस वर्षांचा साथीदार. बोलणं कमी, शिडीवर चढणं जास्त. मामा धाडधाड शिडी चढला. वर जिलेटीनचा कागद खसखसला, चिमटे वाजले.

"बस्स! आता कसं झकास दिसतंय!" दादा म्हणाले.

पण त्यांचा उजवा डोळा उघडाच होता की! आणि त्या नव्याकोऱ्या डोळ्याला स्वच्छ दिसलं की मामानं कागद नुसता दिव्यापुढे फडफडवला, रिकामे चिमटे वाजवले आणि कागद काखेत मारून तो खाली उतरला.

"मामा! तू कागद लावलाच नाहीस!"

मामाच्या तोंडचं पाणी पळालं.

"दादा, तुम्हाला दिसलं?"

"दिसलं म्हणजे? किती दिवस चाललंय हे?"

"आठ-नऊ वर्षं," मामा मान खाली घालून म्हणाला. "माझ्या आईला मोतीबिंदू होता. धुतलेल्या चादरी पुन्हापुन्हा धुवायला लावायची, पिवळ्या दिसतात म्हणून. तुम्ही जास्त जास्त निळं मागायला लागलात तेव्हाच मी ओळखलं. सगळे कागद लावले असते तर नटनट्या शाईत बुडवल्यासारख्या दिसल्या असत्या हो. म्हणून तुम्ही चार म्हणालात की मी दोन लावायचो. दोनांत फार छान दिसायचं. उरलेल्या दोनांचा नुसता आवाज करायचो. आवाज झाला की तुमचं समाधान व्हायचं."

"मग मला सांगितलं का नाहीस, गाढवा?"

"तुम्ही घाबरला असतात. काम सोडून घरी बसला असतात."

दादांनी रुमाल काढला, चष्मा पुसला, मग चष्मा हातात घेऊनच दिग्दर्शिकेकडे वळले आणि सगळं सांगून टाकलं: पिवळं, पांढरं, डाव्या डोळ्याचा व्यायाम, सगळं.

दिग्दर्शिका मटकन खाली बसली. "म्हणजे," तिनं विचारलं, "तो निळा कुणाचा?"

"अर्धा माझ्या मोतीबिंदूचा," दादा म्हणाले, "आणि अर्धा याच्या आईचा."

ती आधी फिसकन हसली. मग जी सुटली ती सुटलीच. पाळण्याला धरून हसली, नायिकेच्या गळ्यात पडून हसली. "दोनशे बारा पानं!" मधेच ओरडली, आणि पुन्हा हसली. सगळं युनिट हसायला लागलं. मग डोळे पुसत ती म्हणाली, "दादा, आता जरा उजव्यानं बघा."

दादांनी उजवा डोळा लावला.

खिडकीतून उतरलेला मंद निळा उजेड पाळण्याच्या दांडीवर पडला होता, आणि नायिकेच्या हाताशी येऊन थांबला होता. दहा वर्षं लोक हेच बघत होते तर! हेच बघून रडत होते. आणि ते करणाऱ्याला ते आज पहिल्यांदा नीट दिसत होतं. दादांना आनंद झाला, आणि खूप उशीर झाल्यासारखंही वाटलं.

"मामा, इकडे ये. बस इथं."

"मी?" मामा मागे सरकला. वीस वर्षांत तो कधी कॅमेऱ्यामागे बसला नव्हता.

"बस म्हणतो ना!"

मामा स्टुलाच्या कडेवर टेकला आणि कपडे झटकून त्यानं आत पाहिलं. पाहतच राहिला.

"कसं वाटतंय?" दादांनी हळूच विचारलं.

"छान आहे," मामा म्हणाला. "पण दादा... तो मागचा दिवा जरा वर घ्यायला पाहिजे."

"घेतो की," दादा म्हणाले, आणि बाह्या सरसावून शिडीकडे निघाले.