भागीरथीबाईंचा होकार

सकाळपासून रूपश्रीचं कशात लक्ष लागत नव्हतं. खाई त्याला खवखवे, दुसरं काय! चौदा वर्षं तिनं लोकांची लग्नं आणि कंपन्यांच्या जाहिराती कापल्या-जोडल्या. माहितीपट हा पहिलाच, आणि त्यात 'संकलन' म्हणून तिचं एकटीचं नाव. उद्या तो महोत्सवाला जायचा होता. आज मात्र ज्यांच्यावर तो बेतला, त्या भागीरथीबाई स्वतः पाहायला आल्या होत्या.

बंगळूरजवळ बोम्मसंद्र्याच्या एका कारखान्यात यंत्राखाली बाईंचा उजवा हात गेला. मालकावरचा खटला सहा वर्षं चालूच होता. चित्रीकरणात दिग्दर्शक विनोदकुमारनं त्यांना विचारलं होतं, "मालकाला माफ केलंत?" बाई नुसत्या बघत राहिल्या. बावीस सेकंद! "एवढा वेळ कोण बसणार?" विनोदकुमार कुरकुरला. मग रूपश्रीनं दुसऱ्या प्रसंगातली बाईंची 'हो' म्हणून हललेली मान आणून तिथं बसवली. कुणीतरी कॉफी हवी का विचारलं होतं, त्यावरचा होकार. जोड इतका बेमालूम, की पाहणारे डोळे पुसायचे. तेव्हा तिलाही अभिमानच वाटला होता, खोटं कशाला बोला.

आज पडद्यावर ती मान हलली आणि रूपश्रीनं नजर खाली वळवली. पुढचं तिला काही दिसलंच नाही.

संपल्यावर भागीरथीबाई डाव्या हातानं पदर चाचपत बसल्या. "मी त्याला माफ केलं म्हणून सांगितले काय गे?"

विनोदकुमार घाईनं म्हणाला, "फार मोठं मन तुमचं."

"मला स्वल्पही आठवत नाही बघ. पण दिसतंय, तर खरंच असणार. सरी, ठीक आहे. वकिलाला सांगते, केस मागे घ्या. माफ करून परत भांडायचं कसं?"

आवाजात तक्रार नव्हती, आणि तेच रूपश्रीला सोसवेना. विनोदकुमार डोळ्यांनी दटावत होता.

"अक्का, मान तुम्ही हलवली नाही. मी हलवली," ती म्हणाली. "दुसरीकडची आणून जोडली. चुकलं माझं."

"मग मी काय सांगितले?"

रूपश्रीनं मूळ चित्रण लावलं. बावीस सेकंद बाई पापणी न हलवता स्वतःकडे बघत राहिल्या. विनोदकुमारनं तेवढ्यात दोनदा घड्याळ पाहिलं.

"हां, ही मी," बाई म्हणाल्या. मग दोघांकडे वळल्या. "माझंच अजून ठरलं नाही, आणि तुम्ही उत्तर देऊन मोकळे?"