भुयाराला शेवट हवा

डोंगराच्या पोटात कोसच्या कोस पसरलेल्या भुयारांत पाच गावं राहत होती, आणि पाचही गावांना मिळून सुईण एकच. बाळंतपणाचा तिला कधी कंटाळा आला नाही. कंटाळा यायचा तो बाळांच्या बापांचा.

त्या सकाळी कंदीलवाला धापा टाकत तिच्या दारात आला. वरच्या उजेडातला माणूस, चार वर्षांपूर्वी इथं घरजावई म्हणून आलेला.

"मावशी, चला लवकर. कळा सुरू झाल्यात. सासूबाईंनी पळत जायला सांगितलंय."

सुईणीनं पिशवी उचलली. "येते. पण वाटेत तोंडातून एक शब्द काढायचा नाही. कळलं?"

त्यानं मान डोलावली.

असं बजावायला कारण होतं. भुयारं जिवंत होती आणि त्यांना गोष्टींचं भारी वेड. वाटेत कुणी काही सांगायला लागलं, की भिंतींवरचं शेवाळ उजळायचं आणि सांगून संपेपर्यंत वाट लांबत जायची. म्हणून इथली माणसं चालताना एकतर गप्प असत, नाहीतर दोन वाक्यांत आटोपतं घेत.

तीस पावलंही झाली नसतील.

"मावशी, पाळण्याला शिसवी लाकूड बरं असतं ना?"

शेवाळ लख्ख उजळलं. समोरचं वळण कुणीतरी ओढून घेतल्यासारखं मागं सरकलं.

सुईणीनं कपाळावर हात मारला. "केलीस ना सुरुवात! आता संपव."

"संपवतो. तर लाकूड दिलं मामेसासऱ्यांनी. म्हणजे झालं काय, त्यांच्याकडे दोन फळ्या होत्या, त्यातली एक जरा वाकडी. ती वाकडी का, तर..."

"वाकडी राहू दे! पाळण्याचं बोल!"

"तेच सांगतोय. फळीच कळली नाही तर पाळणा कसा कळणार?"

फळीवरून तो मामेसासऱ्यांच्या गुडघ्यावर गेला, गुडघ्यावरून वैद्यावर आणि वैद्यावरून त्याच्या भांडखोर मेहुण्यावर. एरवी ऐंशी पायऱ्यांचा जिना तीनशे चढून झाल्या तरी संपेना. सुईणीचे स्वतःचे गुडघे आता बोलायला लागले होते. तिकडे पोर कळा देतेय, आणि इथं हा मेहुण्याचं भांडण उगाळत बसलाय!

शेवटी तीच ओरडली, "मामांनी लाकूड दिलं, जावयानं पाळणा केला, पाळणा छान झाला. संपली गोष्ट!"

जमीन गुरगुरली आणि थेट समोर भिंत उभी राहिली. भुयाराला थापा चालत नसत.

"यात थाप कुठली?" तिनं भिंतीलाच विचारलं. मग मागं वळून पाहिलं. कंदीलवाला उकिडवा बसला होता. कंदील खाली ठेवला होता.

"पाळणा झालेलाच नाही, मावशी."

"काय?"

"फळ्या माळ्यावर पडल्यात. तिला सांगितलंय, रोगण वाळतंय. तीन महिने वाळतंय." तो थांबला. एवढ्या वेळात पहिल्यांदाच थांबला. "मागच्या खेपेला पाचव्या महिन्यातच करून ठेवला होता. मग त्यात निजायला कुणी आलंच नाही. मी तो फोडून चुलीत घातला. आता करवत हातात घेतली की हात थरथरतो."

सुईणीला तो दिवस आठवला. ती दुपारभर त्याच्या बायकोपाशी बसली होती, तिचा हात हातात घेऊन. हा मात्र दाराबाहेर कंदील धरून उभा होता, आणि जाताना ती त्याच्याशी एक शब्दही न बोलता निघून गेली होती. त्याच्यावरचा तिचा राग तसाच होता. पण त्यातला थोडा आता स्वतःवरचा होता, आणि त्यानं ती आणखीच वैतागली.

"अरे बाबा, हे पहिल्या पावलाला नसतं का सांगता आलं?"

"तेव्हा कुठं माहीत होतं, हेच सांगायचंय म्हणून?"

भिंत बाजूला झाली. पलीकडे दहा पावलांवर त्याच्या घराचं दार होतं.

दारात सासूबाई कमरेवर हात ठेवून उभ्या. "पाव तासाची वाट, आणि दीड तास? मुलगी झालीसुद्धा! मी केलं बाळंतपण, या हातांनी!"

आतून रडणं ऐकू आलं, चांगलं खणखणीत. कंदीलवाला चौकटीला टेकला आणि तिथंच राहिला. सुईणीनं त्याला खांद्याला धरून आत ढकललं.

बाळ कंदिलाच्या रिकाम्या खोक्यात मऊ कापडावर ठेवलं होतं. सुईणीनं नाळ पाहिली, बाळाची छाती ऐकली, बाळंतिणीचं पोट तपासलं. सगळं ठीक होतं. तिला पाणी पाजत असताना बाळंतीण हळूच म्हणाली, "पाळण्याचं बोलले का ते तुमच्याशी?"

"तुला माहितेय?"

"सातव्या महिन्यात मीच माळ्यावर चढले होते. फळ्या बघितल्या."

"सातव्या महिन्यात माळ्यावर! बरं, मग विचारलं का नाहीस?"

"ते स्वतःहून सांगतील म्हणून मी थांबले."

सुईणीनं भांडं आदळलं. "एक विचारत नाही, एक सांगत नाही, आणि मधल्यामध्ये माझे गुडघे! जा रे, फळ्या खाली काढ. आत्ता. हिच्यासमोर."

त्यानं फळ्या आणल्या, करवत आणली. सासूबाईंनी फळी धरायला साफ नकार दिला. सुईणीला अजून दोन घरी जायचं होतं. तरी तिनं पदर खोचला आणि फळीचं दुसरं टोक गुडघ्याखाली दाबून धरलं.

"हात थरथरतोय," तो म्हणाला.

"थरथरू दे. रेघ सोडू नकोस म्हणजे झालं."